ब्रॉडवे: नर्तक ते दिग्दर्शक, मधल्या पायऱ्या कोणत्या?

प्रश्न: न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवरचा बॉब फॉसी नर्तकाचा थेट दिग्दर्शक झाला का?

उत्तर १: छे! १९५४च्या ‘द पजामा गेम’ या संगीतनाटकाला त्याचं फक्त नृत्यदिग्दर्शन होतं. दिग्दर्शनही हाती आलं ते १९५९ला, ‘रेडहेड’मध्ये.

उत्तर २: आजची नेहमीची वाट म्हणजे स्विंग (कुणी नसेल तर त्याच्या जागी नाचणारा), मग डान्स कॅप्टन (बसवलेलं नृत्य प्रयोगागणिक तसंच राहील हे पाहणारा). स्विंगला कोरसमधल्या, म्हणजे समूहात नाचणाऱ्या, अनेकांच्या जागा पाठ लागतात. रंगमंचाच्या पुढच्या कडेला मध्यावर ०, दोन्हीकडे २, ४, ६ असे आकडे असतात. कोण कुठल्या मात्रेला कुठल्या आकड्यावर, हे वहीत लिहा. नुसत्या स्टेप्स घोकल्या तर अदलाबदलीत टक्कर ठरलेली.

उत्तर ३: व्हिडिओवरून लिहिताना जपून. तो प्रेक्षकांच्या बाजूचा असतो, त्यामुळे डावं-उजवं उलटं उतरतं. वहीत कायम नटाचं डावं-उजवं धरा.