थ्रीडीएसचे गेम लॅपटॉपवर, की फाईल कुठून आणायची?

बटणतुट्या: मंडळी, जुन्या थ्रीडीएसचं (निन्टेन्डोचा हातातला गेम कन्सोल) एल बटण गेलंय, बाकी मशीन ठणठणीत. कस्टम फर्मवेअर (बदललेलं सिस्टीम सॉफ्टवेअर) आहे, कार्ट्रिज माझीच, गोडमोड९ या कन्सोलवरच्या टूलने एक डंप (गेमची कॉपी) पण केला. पण अझाहारमध्ये (थ्रीडीएसचे गेम लॅपटॉपवर चालवणारा एम्युलेटर) टाकला की एन्क्रिप्टेड (कुलूपबंद) आहे म्हणून अडतो. ते उघडणाऱ्या कीज कुठून आणू? लॅपटॉप जुना, वेगळं ग्राफिक कार्ड नाही, आणि नवीन काही घ्यायचं नाहीये हे आधीच सांगून ठेवतो.

फुलस्पीड: स्टीम डेक (हातातला गेमिंग पीसी) घे, विषय संपला. मी घेतला, आता लॅपटॉप उघडतपण नाही.

बटणतुट्या: अहो, घ्यायचं नाहीये म्हटलं ना 😐

निशाचर७: कीज नेटवर पडल्यात ढिगाने, सर्च मार.

गप्पबस: हो आणि मग माझ्यासारखं बोंबलत बस. एका साईटवरून 'की पॅक' उतरवला, आत सेटअप फाईल, चालवली आणि दुसऱ्या दिवशी मेलचा पासवर्ड बदललेला. की फाईल म्हणजे साधी टेक्स्ट फाईल रे, नोटपॅडमध्ये उघडते, तिला इन्स्टॉलर कशाला लागतोय!

पीएसपीप्रेमी: म्हणून म्हणतो पीएसपीच बरा. त्याच्या पीपीएसएसपीपी एम्युलेटरला की नको बायोस नको, २०१२ पासून मख्खन चालतंय.

फुलस्पीड: सिट्रा हा जुना थ्रीडीएस एम्युलेटर वापर ना, अझाहार कशाला? अरे हो, त्याच्यावर केस झाली.

रिबनकेबल: केस युझूवर (निन्टेन्डो स्विचचा एम्युलेटर) झाली, २०२४ मध्ये. २४ लाख डॉलरवर मिटली आणि टीम तीच म्हणून सिट्रापण गेलं. त्याचंच काम पुढे नेऊन अझाहार आलंय.

निशाचर७: आणि तो दुसरा स्विच एम्युलेटर, रायुजिन्क्स? त्याच्यावर पण केस.

रिबनकेबल: ते त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये बंद झालं, पण कोर्टात नाही गेलं. स्विचचं इथे कशाला काढताय, तिथे फर्मवेअरबरोबर नवी मास्टर की येते म्हणून जुन्या फाईलवर नवे गेम उघडत नाहीत, ती डोकेदुखी वेगळी.

बटणतुट्या, तुला की फाईल लागतच नाही. ज्या कन्सोलवर डंप केलास त्याच्यातच कीज आहेत ना, मग डिक्रिप्ट (कुलूप काढणं) तिथेच कर. गोडमोड९मध्ये डंप झालेली फाईल निवड, इमेज ऑप्शन्समध्ये डिक्रिप्टचा पर्याय आहे. ती फाईल लॅपटॉपवर ने. सेव्ह आपोआप येत नाही हां, तो कन्सोलवरच्या चेकपॉइंट ॲपने वेगळा काढ, नाहीतर पहिल्यापासून खेळत बसशील.

गप्पबस: मी पण हेच सांगणार होतो, कन्सोलवरच डिक्रिप्ट कर.

पीएसपीप्रेमी: सांगणार होतास 😂

लॅगवाला: डिक्रिप्ट करायच्या आधी लॅपटॉपचं बघ. ग्राफिक्सला ओपनजीएल ४.३ किंवा व्हल्कन १.१ चा सपोर्ट नसेल तर सगळी मेहनत पाण्यात. माझ्या जुन्या इंटिग्रेटेड ग्राफिक्सवर विंडो उघडते न उघडते तोच बंद.

फुलस्पीड: म्हणूनच ग्राफिक कार्ड घे.

लॅगवाला: लॅपटॉपमध्ये कुठे खुपसणार तो ते?

बटणतुट्या: चेक केलं, ओपनजीएल ४.० पर्यंतच आहे. झालं कल्याण. डिक्रिप्ट मात्र एका झटक्यात झालं, थँक्स रिबनकेबल. आता बटणच बदलतो. जुन्या बंद कन्सोलचं काढलेलं एल बटण मित्राकडे पडलंय, फुकट.

रिबनकेबल: नको रे! मागचं कव्हर खस्सकन उचललंस की एल-आर बटणांच्या रिबन केबल फाटतात, मग आर पण जाईल.

गप्पबस: +१, नको उघडू. माझ्या चुलतभावाचं तेव्हापासून डब्यात आहे.

पीएसपीप्रेमी: उघडू नकोस.

बटणतुट्या: स्क्रू काढलेत, कव्हर अर्धवट वर धरून टाईप करतोय. रिबनचं लॉक वरच्या बाजूला उघडतं की खालच्या?

फुलस्पीड: स्टीम डेकला हे असलं काही करावं लागत नाही.