दुचाकीस्वाराचा मृत्यू, टेम्पोमालक तीन लाखांवर सही मागतोय. दावा कुठे आणि कसा टाकायचा?

गावठाण:
मयत 34 वर्षांचा, गवंडीकामाचे छोटे ठेके घ्यायचा. महिन्याला 20 हजारांच्या आसपास सुटायचे, पण आयकर विवरणपत्र कधी भरलेलं नाही. मागे पत्नी, दोन लहान मुलं आणि आई. अपघात सातारा जिल्ह्यात, कुटुंब राहतं बारामतीला. गुन्हा नोंद होऊन चार महिने झाले. टेम्पोमालक स्टँपपेपर करून तीन लाख द्यायला तयार आहे. शिवाय एक एजंट कोऱ्या वकालतनाम्यावर सही मागतोय, मिळेल त्या रकमेतले 20 टक्के त्याचे. तीन लाख कमी वाटतात, पण खरा आकडा किती असतो? उत्पन्नाचा पुरावा नसेल तर काय करायचं?

कोर्टकचेरी:
दोन्हीकडे सही नको. स्टँपपेपरने फौजदारी खटला मिटत नाही, पण पुढे दाव्यात तोच कागद वारसांविरुद्ध वापरला जातो. निकालातल्या टक्क्यांवर फी ठरवायला तर वकिलालाही बार कौन्सिलच्या नियमांनी बंदी आहे, एजंटाची गोष्टच सोडा. महिलांना उत्पन्नाची अट न लावता विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. तालुका न्यायालयात समितीचं कार्यालय असतं, तिथे अर्ज द्या.

मुदतीकडे आधी बघा. 1 एप्रिल 2022 पासून मोटार वाहन कायद्याच्या कलम 166 खालचा भरपाईचा दावा अपघातापासून सहा महिन्यांत टाकावा लागतो. या अटीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेलं आहे, पण त्या भरवशावर राहू नका. तुमच्या हातात दोनच महिने आहेत. साताऱ्याला खेटे घालायची गरज नाही. वारस जिथे राहतात तिथल्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणातही दावा चालतो.

पोलीस ठाण्यातून फिर्याद, घटनास्थळ पंचनामा, मरणोत्तर पंचनामा, शवविच्छेदन अहवाल आणि टेम्पोची आरसी, पॉलिसी व चालकाचा परवाना यांच्या प्रती घ्या. तपासी अंमलदाराने 90 दिवसांत सविस्तर अपघात अहवाल न्यायाधिकरणाकडे पाठवायचा असतो. तो गेला का, हे लेखी अर्ज देऊन विचारा. पंचनामा स्वतः वाचा. रस्त्याची रुंदी, टायरच्या खुणा, दुचाकी कुठल्या बाजूला पडली होती, हे नकाशात चुकलं असेल तर विमा कंपनी 'दुचाकीस्वाराचीही चूक' म्हणून रकमेत कपात मागते. साक्षीदार असेल तर त्याचा जबाब आत्ताच नोंदवून घ्यायला लावा.

हिशेबनीस:
आकडा मांडून दाखवतो. सरला वर्मा (2009) आणि प्रणय सेठी (2017) हे सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल याचा पाया आहेत.

20,000 मासिक धरले तर स्वतःचा धंदा असलेल्या, चाळिशीच्या आतल्या माणसाला भविष्यातल्या वाढीपोटी 40 टक्के मिळतात, म्हणजे 28,000. वर्षाचे 3,36,000. अवलंबून असलेले चार जण, म्हणून मयताच्या स्वतःच्या खर्चापोटी पाव भाग वजा: 2,52,000. वयोगट 31 ते 35, म्हणून गुणक (वर्षाच्या रकमेला वयानुसार ज्या आकड्याने गुणतात तो) 16. झाले 40,32,000. सहवास गमावल्याबद्दल प्रत्येक वारसाला मूळ 40,000; दर तीन वर्षांनी 10 टक्के वाढ धरून आता 48,400. चौघांचे 1,93,600. अंत्यसंस्काराचा खर्च आणि मयताच्या मागे राहणाऱ्या मालमत्तेतली घट ('लॉस ऑफ इस्टेट'), यांचे प्रत्येकी 18,150. एकूण 42,61,900, वर अर्जाच्या तारखेपासून व्याज. तीन लाख कुठे नि हे कुठे!

वयाचा पुरावा म्हणून शाळा सोडल्याचा दाखला काढा. आधारवर पुष्कळांची जन्मतारीख 1 जानेवारी अशी अंदाजे टाकलेली असते, आणि आधार हा जन्मतारखेचा पुरावा नाही असं सर्वोच्च न्यायालयाने 2024 मध्ये म्हटलंय. कागदावर वय 36 झालं की गुणक 15 होतो आणि इथे सरळ 2,52,000 रुपये जातात.

उत्पन्नासाठी बँकेचा उतारा, यूपीआयने आलेले पैसे, सिमेंट-वाळूच्या दुकानाची बिलं, ज्यांची बांधकामं केली त्यांची साक्ष आणि बांधकाम कामगार कल्याणकारी मंडळाची नोंदणी असेल तर ते कार्ड. काहीच नसेल तर न्यायाधिकरण किमान वेतनाच्या आधाराने उत्पन्न ठरवतं. तेव्हा निदान 'कुशल कामगार' एवढं तरी सिद्ध व्हायला हवं. मृत्यूनंतर घाईने विवरणपत्र भरू नका. उलटतपासणीत त्याची चिरफाड होते आणि बाकीच्या खऱ्या पुराव्यावरही संशय येतो.

गावठाण:
टेम्पोचा विमा आहे का ते कसं कळेल? आणि डोक्यावर हेल्मेट नव्हतं.

विमाखिडकी:
एम-परिवहन ॲपवर टेम्पोचा नंबर टाका. विमा कंपनी आणि मुदत दिसते. पण पॉलिसीची प्रत हवीच. पॉलिसी अपघातानंतर काही तासांनी काढलेली निघाली तर कंपनी हात वर करते, म्हणून सुरू होण्याची तारीखच नव्हे, वेळही तपासा. चालकाचा परवाना बोगस किंवा संपलेला असला तरी घाबरू नका. बहुतेक वेळा 'आधी कंपनीने द्या, मग मालकाकडून वसूल करा' असा आदेश होतो. विमाच नसेल तर मालक आणि चालक यांच्यावर बोजा येतो, आणि वसुली अवघड होते.

हेल्मेट नव्हतं एवढ्यावर दावा पडत नाही. धडक कुणाच्या चुकीने झाली हा प्रश्न वेगळा. डोक्याला मार लागून मृत्यू असेल तर मात्र कंपनी मुद्दा काढणारच. वकिलाला आधी सांगून ठेवा.

दोन गोष्टी लोक विसरतात. दुचाकी मयताच्या नावावर असेल आणि परवाना वैध असेल तर तिच्या पॉलिसीत मालक-चालकाचं 15 लाखांचं वैयक्तिक अपघात संरक्षण आहे का पाहा. आणि पासबुकात वर्षातून एकदा 20 रुपये कापलेले दिसतात का? दिसले तर पंतप्रधान सुरक्षा विम्याचे दोन लाख मिळतात. उशीर झालाच आहे, बँकेत आजच जा.

कोर्टकचेरी:
एक भर. कंपनी लोक अदालतीत तडजोड सुचवेल. वरचा हिशेब हातात ठेवूनच बसा, कारण तिथल्या निवाड्यावर अपील नाही. साक्षीदार फिरला असेल किंवा पंचनामा विरोधात असेल तर थोडं कमी घेऊन लवकर मोकळं होणं शहाणपणाचं. कागद भक्कम असतील तर घाई नको. मुलांचा हिस्सा सज्ञान होईपर्यंत मुदत ठेवीत राहतो. शाळेच्या खर्चासाठी ठेवीवरचं व्याज दरमहा मुलांच्या आईच्या खात्यात जमा व्हावं, अशी विनंती अर्जातच लिहा.