नादारची व्यक्तिचित्रं पुस्तकात तपकिरी छापावीत की काळी-पांढरी?

हायपो
पॅरिसचा छायाचित्रकार नादार याने १८५४ पासून लेखक, नट, संगीतकार यांची व्यक्तिचित्रं टिपली. त्या चित्रांची पुस्तकं नुसत्या काळ्या शाईत छापणं मला चुकीचं वाटतं. नादारने देखावे आणि फर्निचर काढून टाकलं, उजेड एका बाजूने घेतला; म्हणजे सगळी भिस्त सावल्यांवर. मूळ प्रतींत त्या तपकिरी-जांभळ्या असतात. नटी सारा बर्नारचं १८६४ च्या सुमाराचं चित्र घ्या. खांद्यावरून घसरलेल्या जाड वस्त्राच्या घड्या हाच त्याचा जीव. छापील चित्र ठिपक्यांचं बनतं; एकाच काळ्या प्लेटवर शाईचे ठिपके फुगतात, घड्या बुजतात आणि उरतो नुसता सुंदर चेहरा.

चारप्लेट
असहमत. ज्याला मूळ रंग म्हणताय, त्यात वयाचा पिवळेपणा किती? तेव्हाच्या बऱ्याच प्रतींच्या कागदावर अल्ब्युमिनचा, म्हणजे अंड्यातल्या पांढऱ्या भागाचा, लेप असे; तो जुना झाला की पिवळा पडतो, आणि कपाळ, कॉलर असे उजळ भाग आधी बिघडतात. तो डाग जपून छापायचा कशाला? त्यातून तपकिरी साधायला चार रंग वापरले की शाईचा तोल जरा ढळला तरी एक पान गुलाबी, पुढचं हिरवट. भिंगाखाली निळे-किरमिजी ठिपके दिसतात ते वेगळंच.

हायपो
चार रंग नकोतच, ड्युओटोन म्हणजे दोन शाईंची छपाई करा. एक काळी प्लेट, एक तपकिरी. तपकिरी मधल्या टोनपासून सावल्यांकडे चढती, उजळ भागात जवळपास शून्य. कपाळ कागदाइतकं पांढरं राहतं. राहिला प्रश्न रंग कुठला. ‘गालरी काँतांपोरेन’ (१८७६–८४) ही पॅरिसची व्यक्तिचित्रांची मालिका पाहा. छायाचित्रकार कार्जाने टिपलेला कवी बोदलेर त्यात १८७८ मध्ये वुडबरीटाइपने छापला. शिशाच्या साच्यात रंगीत जिलेटिन ओतून कागदावर दाबायचं. थर जाड तिथे गडद, पातळ तिथे उजळ. ठिपका नाही, काळाने फिकट होणारी चांदी नाही, म्हणून रंग उडालेला नाही. त्या काळच्या प्रकाशकाने स्वतः निवडलेला तपकिरी समोर आहे!

काचपट्टी
पण तोच रंग सगळ्या पुस्तकाला लावू नका. वुडबरीटाइप चकचकीत. नादारच्या पहिल्या वर्षांच्या प्रती बहुतेक मिठाच्या कागदावर, म्हणजे आधी मिठाच्या आणि मग चांदीच्या द्रावणाने तयार केलेल्या साध्या कागदावर. तिथे चांदी तंतूंत मुरलेली, पोत मॅट. त्यांना कोटेड (गुळगुळीत लेपाचा) कागद मारून टाकतो. आणि अनकोटेडवर ठिपका जास्त फुगतो, तेव्हा स्क्रीन, म्हणजे इंचाला ठिपक्यांच्या ओळी, १७५ वरून १३३ च्या आसपास उतरवा आणि सावल्या आधीच थोड्या उजळ करा. आकाराकडेही बघा. सोबत त्या काळची छोटी चित्रं घेणार असाल, तर छायाचित्रकार दिस्देरीने १८५४ मध्ये पेटंट घेतलेली कार्ड-चित्रं एका काचेवर बहुधा आठ, प्रत्येक सुमारे ९ × ६ सेंमी. ती दुपानी फुगवली की रिटचिंगचे फटकारे दिसतात. मूळ मापातच छापा.

चारप्लेट
पिवळेपणा वगळणार असाल तर ड्युओटोन मान्य. मात्र दोन कागद आणि दोन तपकिरी म्हणजे मधेच मशीन धुणं आलं. तेव्हा मिठाच्या कागदाची चित्रं स्वतंत्र १६ पानी फॉर्मांत (एकत्र छापून घडी घातलेल्या तावांत) घ्या. कालक्रम फारसा मोडत नाही: ती बहुतेक पॅरिसमधल्या रू सँ-लाझार या रस्त्यावरच्या स्टुडिओतली, आणि १८६० मध्ये नादार बुलव्हार दे काप्युसीनला गेला.