मदत हवी आहे : आप्पांना पंप लागू पडेना, तिसरा पंप झाला

उद्यमबागकर | मंगळवार, रात्री ८:५०

थोडक्यात लिहितो. आप्पांना जुना दमा. निळा पंप ओढला की पाच-दहा मिनिटांत छाती मोकळी व्हायची, बारा वर्षं हेच चाललंय. पंधरा-सतरा दिवस झाले, पंप ओढून काही फरक नाही. पहिला निपाणीत घेतला, दुसरा बेळगावात, तिसरा काल मावसभावानं कोल्हापूरहून आणला. तिन्ही तसलेच. बाजारात डुप्लिकेट माल सुटलाय काय? खरा पंप ओळखायचा कसा तेवढं सांगा. लांबड नको.

गोळीवाला_चिकोडी | रात्री ८:५८

तीन गावची तीन दुकानं आणि तिन्हीकडं खोटा माल? असं होत नाही मालक. वय काय? पंपावर औषधाचं नाव काय? बीपी, शुगर, सांधेदुखीच्या गोळ्या चालू आहेत काय? आणि सगळ्यात आधी हे सांगा, आत्ता ते एका दमात पूर्ण वाक्य बोलतायत काय?

मिरजेचा_बंडू | रात्री ९:०१

स्पेसर, म्हणजे पंपाच्या तोंडाला लावायची प्लास्टिकची नळी, वापरत असाल तर धुतल्यावर आतून फडक्यानं पुसू नका. प्लास्टिकवर वीज साठते, औषध आत भिंतीला चिकटून बसतं. साबणाच्या पाण्यात बुडवायचा आणि तसाच निथळत ठेवायचा.

उद्यमबागकर | रात्री ९:०६

बंडूशेठ, स्पेसरचं कुणी विचारलंय?
वय ६८. साल्ब्युटामॉल. बोलतायत, पण जिना चढला की थांबतात. बीपीची अम्लोडिपिन, बास. मी बेळगावात, ते निपाणीजवळ गावी. दर रविवारी जाऊन आठवड्याच्या गोळ्या मीच डबीत भरून येतो. आईकडं दोन वेळ डोळ्यात थेंब टाकायचं तेवढं काम, म्हणजे घोळ व्हायला जागाच नाही.
आणि एक राहिलं. पूर्वी पंप ओढला की आप्पांचे हात थरथरायचे, कपबशी वाजायची हातात. आता तेही होत नाही. म्हणजे पंपात औषधच नाही, हाच पुरावा की नाही?

अडुळसा_प्रेमी | रात्री ९:१०

पंपाची सवय लागते ती अशी. शरीर नाही म्हणतंय. अडुळशाच्या पानांचा रस, मध, ज्येष्ठमध. आमच्या आजोबांचा दमा एका पावसाळ्यात गेला.

गोळीवाला_चिकोडी | रात्री ९:१५

अहो, सवय दारूची लागते. रोज नुसता निळा पंप ओढत बसलं तर फुफ्फुसातल्या ज्या जागांवर तो काम करतो त्या जागा हळूहळू कमी होतात, एवढं खरं. पण बारा वर्षं चाललेला माणूस पंधरा दिवसांत असा बसत नाही. अम्लोडिपिनचाही दोष नाही, तिचं काम निराळ्या जागी. दुखण्यावरची गोळी घेतात काय? काही दमेकऱ्यांना तीही सोसत नाही.

शहापूरची_अक्का | रात्री ९:१७

थांबा सगळे. डोळ्यात कसले थेंब?

उद्यमबागकर | रात्री ९:१९

असतील मोतीबिंदूचे, अक्का. शिबिरात दिलेत. प्रश्न पंपाचा आहे.

शहापूरची_अक्का | रात्री ९:२०

मोतीबिंदू थेंबांनी बरा होत नाही. आईला फोन लावा, बाटलीवरचं नाव अक्षर न अक्षर वाचून घ्या. आत्ता.

खानापूरकर | रात्री ९:२६

चिठ्ठी कन्नडमध्ये असणार, लिहून घ्या माझ्याकडून. बसची पाटी कन्नड, सातबारा कन्नड, आता डोळ्याची चिठ्ठी पण. म्हातारी माणसं कुणाला विचारणार? यावर कुणी बोलत नाही.

तंबाखूवाला | रात्री ९:२९

निपाणीकडचे म्हणजे आप्पा वखारीत होते काय? आमच्या वडलांना तंबाखूच्या धुरळ्यानंच दमा लागला. १९८१ च्या आंदोलनात शरद जोशींच्या मागं रस्त्यावर बसले होते, तिथंही पंप नव्हता, नुसता लोड मांडीवर घेऊन बसायचं. बाय द वे, औषध शरीरात ठरावीक जागेवर जाऊन बसतं ही कल्पना तंबाखूच्याच सत्त्वावरून पक्की झाली. केंब्रिजच्या लँग्ली साहेबानं स्नायूवर निकोटीन टाकलं, स्नायू आवळला. मग बाणाला लावायचं क्युरारी नावाचं विष टाकलं, निकोटीनचा जोर उतरला. १९०५ साली त्यानं लिहिलं की पेशीवर औषध 'घेणारा' काहीतरी भाग असणार. तोच आजचा रिसेप्टर.

संपादक | रात्री ९:३१

सीमाप्रश्नाचा आणि तंबाखूचा वेगळा धागा काढा. इथं म्हातारा माणूस दमलाय.

उद्यमबागकर | रात्री ९:३८

चिठ्ठी कन्नडमध्येच आहे, आईला येत नाही. शेजारच्या पोरानं बाटलीवरचं इंग्रजी वाचलं. टिमोलॉल मॅलिएट ०.५. शिबिरात म्हणाले डोळ्याचं प्रेशर वाढलंय, काचबिंदू. अमावस्येच्या दुसऱ्या दिवशी सुरू केलं म्हणते. मोजलं तर सतरा दिवस होतात.
पण थेंब डोळ्यात, दमा छातीत. संबंध काय?

शहापूरची_अक्का | रात्री ९:५५

तीस वर्षं फार्मसीच्या पोरांना हेच शिकवलं, तेव्हा आता थोडी लांबड सोसा.

निपाणीची बस डोळ्यापुढं आणा. फुफ्फुसातल्या नळ्यांभोवती जो स्नायू असतो त्यावर सीटा आहेत, त्यांचं नाव बीटा-२. पंपातलं साल्ब्युटामॉल हा खरा पॅसेंजर. तो सीटवर बसला की घंटी वाजते, स्नायू सैल पडतो, नळी उघडते. टिमोलॉल म्हणजे खिडकीतून टाकलेला रुमाल. रुमाल काही तिकीट काढत नाही, त्याच्यानं घंटीही वाजत नाही. पण सीट अडते. तुमचा पंप खरा, औषध खरं, पॅसेंजर दारात उभे. बसायला जागा नाही एवढंच.

हात थरथरायचे थांबले म्हणालात ना, तिथंच माझे कान उभे राहिले. ती थरथरही बीटा-२ चीच, हाताच्या स्नायूवरच्या. एकाच वेळी छातीतली आणि हातातली सीट बंद पडली, आणि पंप मात्र तीन दुकानांचे. मग पंपाच्या बाहेर बघायला नको काय?

आता डोळ्यातून छातीत कसं. थेंब टाकल्यावर थोड्या वेळानं घशात कडू लागतं, आप्पांना विचारा. डोळ्याच्या कोपऱ्यातून एक बारीक नळी नाकात उतरते. नाकातून औषध थेट रक्तात जातं, गोळीसारखं आधी यकृतात जाऊन अर्धंमुर्धं मोडत नाही. आणि थेंब लहान समजू नका. ०.५ टक्क्याच्या एका थेंबात साधारण पाव मिलिग्रॅम टिमोलॉल. पंपाचा एक दम म्हणजे १०० मायक्रोग्रॅम, त्याच्या निम्म्याहूनही कमी.

बीटा-१ नावाच्या सीटा मुख्यत्वे हृदयावर. काही औषधं शक्यतो तिथंच रुमाल टाकतात, टिमोलॉल दोन्हीकडं टाकतं. म्हणून दमेकऱ्याला ते देतच नाहीत. शिबिरात दमा आहे काय म्हणून विचारलं होतं?

उद्यमबागकर | रात्री १०:०१

विचारलं असेल, कन्नडमध्ये. आप्पा सगळ्याला हौद, म्हणजे हो, म्हणतात.

खानापूरकर | रात्री १०:०२

मी काय म्हणत होतो!

गोळीवाला_चिकोडी | रात्री १०:०४

टिमोलॉल या क्षणी तोडा. फेकून द्या बाटली.

शहापूरची_अक्का | रात्री १०:०८

फेका म्हणू नकोस रे. काचबिंदूत प्रेशर वाढत राहिलं तर गेलेली नजर परत येत नाही. संध्याकाळचा थेंब पडून गेलाय, पुढचा सकाळी. म्हणजे हातात रात्र आहे. सकाळचा थेंब टाकण्याआधी डोळ्याच्या डॉक्टरांना फोन जायलाच हवा, ते दुसऱ्या जातीचा थेंब लिहून देतील. आणि फोन नाही लागला तरी हा थेंब सकाळी नको, तेवढं गोळीवाल्याचं बरोबर.

गोळीवाला_चिकोडी | रात्री १०:१०

मग मी वेगळं काय म्हणालो?

जिज्ञासू_गडहिंग्लज | रात्री १०:१४

मग जास्त पंप ओढले तर पॅसेंजर रुमाल उचलून फेकतील की?

शहापूरची_अक्का | रात्री १०:२२

प्रश्न चांगला. गर्दी रेटली तर काही सीटा सुटतात, कारण हा रुमाल शिवलेला नाही, उचलता येतो. सीट नेमकी किती जणांना मिळते ते दोन्हीकडच्या संख्येवर ठरतं. काही औषधं सीटला शिवूनच बसतात. हृदयाच्या रुग्णाला देतात ती क्लोपिडोग्रेल रक्तातल्या बिंबिकांवर (प्लेटलेटवर) अशीच बसते, नवीन बिंबिका तयार होईपर्यंत उठत नाही, म्हणून ऑपरेशनच्या काही दिवस आधी बंद करायला सांगतात. आणि काही अर्ध्या तिकिटाची पोरं असतात, बसतात पण घंटी हळू वाजवतात.
पण घरी बसून वीस-पंचवीस पंप ओढत हा प्रयोग आप्पांवर करायचा नाही.

उद्यमबागकर, ओठ निळसर दिसले, बोलताना शब्दागणिक थांबायला लागले किंवा बसल्या जागी बरगड्या ओढायला लागल्या तर सकाळची वाट बघू नका, गाडी काढा. दवाखान्याच्या दारातच पहिलं वाक्य : दमा आहे आणि टिमोलॉल चालू आहे. इप्राट्रोपियम म्हणून वाफेचं औषध असतं, ते वेगळ्याच सीटांवर चालतं, तिथं हा रुमाल पोचत नाही.

अडुळसा_प्रेमी | रात्री १०:३०

रुमाल, बस, सीट. अडुळशाला हे काही लागत नाही.

उद्यमबागकर | रात्री १०:३३

निघालोय. हत्तरगीच्या पुढं फोनला रेंज नसते, नंतर लिहितो.

निपाणीची_सून | बुधवार, सकाळी ७:१५

माझ्या सासूबाई मेटोप्रोलॉल घेतात, त्यांना दमा नाही. पण हे वाचून त्यांनी सकाळची गोळीच घेतली नाही. आता काय करू?

गोळीवाला_चिकोडी | सकाळी ७:२२

वहिनी, आधी गोळी द्या. दमा नसेल तर हा धागा त्यांच्यासाठी नाही. ती गोळी एकदम बंद केली तर हृदय उसळतं, छातीत दुखणं वाढू शकतं. आणि त्यांना मोबाईल देऊ नका.

उद्यमबागकर | शनिवार, संध्याकाळी ६:४०

उशीर झाला, माफ करा. त्या रात्री घरी पोचलो तर आप्पा खुर्चीत वाकून बसलेले, झोप नाही. सरळ निपाणीला नेलं. दारात अक्कांचं वाक्य बोललो, ड्युटीवरच्या बाईंनी बाटली हातात घेतली आणि काही न बोलता वाफ लावली, दोन औषधांची. पहाटेपर्यंत बोलायला लागले. सकाळी डोळ्याच्या डॉक्टरांना फोन केला. त्यांनी टिमोलॉल बंद केलं, रात्री एकदाच टाकायचा दुसरा थेंब दिला. टाकल्यावर डोळा मिटून नाकाजवळचा कोपरा दोन मिनिटं दाबून धरायला सांगितलंय. आईला सतरा दिवस हे कुणी सांगितलं नव्हतं. ती अजून रडते, मीच टाकलं म्हणते.

डबीत मी गोळ्या भरत होतो त्याच कपाटात वरच्या फळीवर ती बाटली होती. तीन रविवार माझ्या डोळ्यापुढं. गोळी नाही म्हणून औषध धरलंच नाही मी.

बंडूशेठ, तुमच्यावर वैतागलो त्याबद्दल राग नसावा. घशात कडू लागत होतं काय म्हणून आप्पांना विचारलं. म्हणाले, लागायचं की, मला वाटलं चहा.

कोल्हापूरचा तिसरा पंप खराच निघाला. काल संध्याकाळी दोन दम ओढले आणि कपबशी वाजली.

मिरजेचा_बंडू | संध्याकाळी ६:५२

छान. स्पेसर धुतला काय?