मदत हवी आहे: सिनेमात गाणी वाजतात, राजकन्येचं बोलणंच येत नाही (सांगली)

विश्रामबाग_गच्ची
शनिवारी सोसायटीतल्या पोरांना जादूवाल्या छोट्या राजकन्येचा कार्टून सिनेमा दाखवायचाय. गाणी, वादळ, जादूचे आवाज खणखणीत. ती बोलायला लागली की आवाज गायब. फाइल खराब आहे का? लवकर सांगा.

कृष्णाकाठ
कशावर लावलाय? टीव्ही, होम थिएटर, की भाड्याचा साऊंड? लॅपटॉपच्या स्वतःच्या स्पीकरवर बोलणं येतं का?

रिप_मास्टर
विचारायचं काय त्यात, फाइल 5.1 असणार, म्हणजे सहा स्पीकरसाठी वेगवेगळा आवाज. संवाद मधल्या स्पीकरच्या सेंटर चॅनेलला असतात, तोच गळतोय. हँडब्रेक या व्हिडिओ बदलायच्या सॉफ्टवेअरमध्ये ऑडिओ एएसी, मिक्सडाउन स्टिरिओ (सगळे चॅनेल डाव्या-उजव्या दोनात), 192 केबीपीएस. विषय संपला.

कमांडलाइन_कुपवाड
आवाजासाठी अख्खा व्हिडिओ पुन्हा एन्कोड, म्हणजे नव्याने तयार करायचा? एफएफएमपेग या कमांडवर चालणाऱ्या सॉफ्टवेअरने व्हिडिओ जसाच्या तसा कॉपी करा, फक्त ऑडिओ बदला. तासांचं काम मिनिटांत.

विश्रामबाग_गच्ची
लॅपटॉपवर सगळं नीट येतं. मंडपवाल्याचा साऊंड मिक्सर आहे. हेडफोनच्या भोकातून वायर मिक्सरला. हे सांगायचं असतं होय?

मिरज_साऊंड
हेच तर सांगायचं. म्हणजे फाइल ठीक आहे. मिक्सरकडे जाड पिन एकच का? तिच्यावर काळ्या रेघा किती?

रिप_मास्टर
व्हीएलसी प्लेअरमध्ये ऑडिओ, स्टिरिओ मोडमध्ये जाऊन मोनो (दोन्हीकडे एकच आवाज) करा आधी.

विश्रामबाग_गच्ची
एकच पिन, रेघा दोन. मोनो केलं तर गाणीपण गेली! सगळंच बंद!!

मिरज_साऊंड
सापडलं. दोन रेघांची पिन स्टिरिओ, आणि मिक्सरचं ते इनपुट बॅलन्स्ड. तो दोन्ही तारांमधला फरक घेतो, म्हणजे डावा वजा उजवा. संवाद दोन्हीकडे सारखे असतात, वजाबाकीत शून्य. गाण्यात डावं-उजवं वेगळं असतं म्हणून ते उरतं. मोनो केल्यावर सगळंच सारखं झालं, सगळंच गेलं.
तात्पुरतं: विंडोजच्या साऊंड सेटिंगमध्ये उजवा आवाज 0 करा, डावा तसाच. व्हीएलसी पुन्हा स्टिरिओवर आणा.
कायमचं: एका टोकाला 3.5 एमएम स्टिरिओ, दुसऱ्या टोकाला 6.35 एमएमच्या दोन मोनो पिना (एकेक रेघ) अशी वायर. दोन वेगळ्या चॅनेलला लावा, एकाचा पॅन (डावं-उजवं ठरवणारं बटण) डावीकडे, दुसऱ्याचा उजवीकडे. मिक्सरवर आरसीएचं (लाल-पांढऱ्या पिनांचं) टेप इन असेल तर त्याहून सोपं. माईकच्या इनपुटला लॅपटॉप लावू नका, माईकला वीज देणारं 48 व्होल्टचं बटण चालू असेल तर लॅपटॉपचं पोर्ट जाऊ शकतं.

कृष्णाकाठ
हेडफोनची पिन अर्धवट बसली तरी असंच होतं, अर्थिंगची तार सुटते. तेही बघा. चार्जर लावल्यावर घूं आवाज आला तर बॅटरीवर चालवा.

नियमाने_चला
तिकीट नसलं तरी सोसायटीत सिनेमा दाखवायला हक्कधारकाची परवानगी लागते. कॉपीराइट कायदा 1957. ओटीटीचा हप्ता घरापुरता असतो. आणि रात्री 10 नंतर स्पीकर बंद.

भडंग_प्रेमी
मध्यंतरात पोरांना भडंग द्या, पण तिखट कमी घालून.

विश्रामबाग_गच्ची
उजवा शून्य केला, राजकन्या बोलली! वायर उद्या आणतो. चादर पडदा म्हणून चालेल का? 3 मीटर रुंद पाहिजे.

कमांडलाइन_कुपवाड
प्रोजेक्टरचा थ्रो रेशो (अंतर भागिले चित्राची रुंदी) किती? 1.5 असेल तर साडेचार मीटर लांब ठेवावा लागेल. गच्चीत तेवढी जागा आहे?

नियमाने_चला
परवानगीचं बोला.