उत्तर: रविवारचा सामना ऐनवेळी का बदलतात?
वर विचारलंय की एनएफएलचं (अमेरिकन फुटबॉलच्या लीगचं) वेळापत्रक मे महिन्यातच जाहीर होतं, मग रविवार रात्रीचा सामना मध्येच का बदलतो? अहो, मे महिन्यात तगडा वाटणारा संघ नोव्हेंबरपर्यंत पार गाळात गेलेला असतो. तसला रटाळ सामना रात्री ८:२० ला कोण बघणार? म्हणून २००६ पासून 'फ्लेक्स' आलं: एनबीसी या टीव्ही वाहिनीवरचा रात्रीचा सामना दुपारी ढकलायचा, दुपारचा चुरशीचा रात्री आणायचा. साधारण १२ दिवस आधी कळवतात. २०२३ पासून सोमवार आणि गुरुवारचे रात्रीचे सामनेही यात ओढलेत. गुरुवारचा बदल तर विमानाची तिकिटं काढून बसलेल्यांच्या मुळावरच येतो. शेवटच्या, १८व्या आठवड्याचा रात्रीचा सामना मात्र आधी ठरवतच नाहीत. कुणाचं प्लेऑफ (पुढची बाद फेरी) कशावर अडकलंय ते १७व्या आठवड्यानंतर बघून मग जागा भरतात. मला तरी हेच सगळ्यात पटतं.