बार्शी लाइटचा विलायती भाऊ

बार्शी लाइट म्हणजे बार्शीची अरुंद रुळांची छोटी रेल्वे. तिच्यासारखी गाडी आणखी कुठे होती का, असं कुणी विचारतं. होती की, आणि थेट इंग्लंडात! स्टॅफर्डशरमधलं हुल्म एंड हे तिचं शेवटचं स्थानक.

एव्हरार्ड कॅल्थ्रॉप या इंग्रज इंजिनिअरांनी १८९७ साली बार्शीची अडीच फुटी गाडी सुरू केली. तोच गेज (दोन रुळांमधलं अंतर) घेऊन त्यांनी मॅनिफोल्ड नदीच्या खोऱ्यात वॉटरहाउसेस ते हुल्म एंड अशी जेमतेम सव्वाआठ मैलांची लाइन उभारली. ती १९०४ साली सुरू झाली. इंजिनं दोनच. त्यांतल्या एकाला कॅल्थ्रॉप यांचंच नाव! गंमत म्हणजे इंजिनांवर हिंदुस्थानात असायचे तसले भलेमोठे दिवे बसवले होते. त्या चिमुकल्या खोऱ्यात त्यांचा काय उपयोग, देव जाणे.

मला सगळ्यात आवडलेली गोष्ट म्हणजे तिथले ट्रान्स्पोर्टर वॅगन. मोठ्या लाइनीची अख्खी वाघीण (मालाचा डबा) त्या बुटक्या गाड्यावर चढवायची आणि तशीच पुढे न्यायची. माल उतरवून पुन्हा भरायची भानगडच नाही. आपल्याकडे कुर्डुवाडीला गेज बदलायचा म्हणजे पोती हमालांच्या पाठीवरून जायची.

गाडीचा खरा आधार दुधाचा. हुल्म एंड हे गाव कसलं, चार घरांची वस्ती. म्हणून स्थानकाच्या पाटीवर शेजारच्या शीन आणि हार्टिंग्टनचीही नावं घातलेली. दूध मोटारलॉऱ्यांकडे गेलं आणि मार्च १९३४ मध्ये लाइन बंद पडली. रुळांच्या जागी आता पायवाट आहे, इंजिनाच्या शेडमध्ये चहा मिळतो.